शिधापत्रिकाधारक तिऱ्हाईत कसा?

गोदावरीच्या काठी बासर येथे सरस्वतीचे प्रसिद्ध स्थान आहे. मुलाच्या हाती पहिली अक्षरे गिरवून घेण्यासाठी तेथे जी कुटुंबे दूरदुरून जातात, त्यांत मराठी कुटुंबेही असतात. तेथून थोड्याच अंतरावर मुधोळ हे गाव आहे. घोरपड्यांच्या संस्थानामुळे आपणांस ठाऊक असलेले कर्नाटकातील मुधोळ ते हे नव्हे. हे मुधोळ पूर्वी निजामाच्या राज्यात नांदेड जिल्ह्याच्या एका तालुक्याचे ठिकाण होते. १९५६ च्या राज्य पुनर्रचना कायद्याने त्या तालुक्यातील मुधोळ, भैंसा आणि कुबीर ही मंडळे आंध्र प्रदेशात गेली, तर आदिलाबाद जिल्ह्यातील किनवट व राजुरा हे तालुके आणि बोथ तालुक्यातील इस्लापूर मंडळ तत्कालीन मुंबई राज्याकडे आले. मुधोळ आदिलाबाद जिल्ह्यात राहिले, २०१४ मध्ये तेलंगणात आले आणि २०१६ मध्ये नव्या निर्मल जिल्ह्यात समाविष्ट झाले. राज्ये बदलली, जिल्हे बदलले. पण घरातील मराठी बदलली नाही आणि महिन्याच्या महिन्याला रेशनच्या दुकानापुढे लागणारी रांगही बदलली नाही.

या रांगेत उभ्या असलेल्या माणसाविषयी आज आम्हांस लिहावयाचे आहे. प्रश्न मुधोळचा आहे तितकाच तो सिंधुदुर्गाचा, रत्नागिरीचा आणि आमच्या गोमंतकाचाही आहे. मात्र सीमेवरच्या गावात तो जितका लख्ख दिसतो तितका अन्यत्र दिसत नाही. स्वस्त धान्याच्या दुकानाचा परवाना कोणाला द्यावा, कोणाचा रद्द करावा आणि रद्द केलेला कोणाला परत करावा, याचा निर्णय सरकार घेते. तो निर्णय चुकीचा, पक्षपाती किंवा बेकायदेशीर असेल, तर त्याविरुद्ध दाद मागण्याचा अधिकार कोणाला? कायद्याच्या परिभाषेत ज्याला ‘लोकस स्टँडाय’ म्हणतात, तो हा प्रश्न. वरवर पाहता तो वकिलांचा वाटतो; वास्तविक तो पोटाचा आहे.

समजा, मुधोळ परिसरातील एखाद्या गावच्या दुकानदाराचा परवाना मापात मारल्याच्या किंवा धान्य काळ्या बाजारात नेल्याच्या आरोपावरून रद्द झाला. गावची कार्डे शेजारच्या गावातील दुकानाला जोडली गेली. म्हातारी माणसे, मोलमजुरी करणाऱ्या बाया ऊन्हातान्हातून तेथवर पायपीट करू लागल्या. पुढे काही महिन्यांनी अपिलात तोच परवाना त्याच दुकानदाराला परत मिळाला. चौकशीत ज्यांनी साक्षी दिल्या, त्याच कार्डधारकांना आता पुन्हा त्याच माणसापुढे यंत्रावर अंगठा टेकवावयाचा आहे. अपील चालले तेव्हा त्यांना कोणी बोलावले नाही, निकाल झाला तेव्हा त्यांना कोणी कळविले नाही, आणि निकालाची प्रत कोणाकडून मिळवून पाहिली तर ती तेलुगूत किंवा इंग्रजीत. या माणसांनी पुढे कोठे जावे? नेमणुकीचे कागद महसूल विभागीय अधिकाऱ्याकडे म्हणजे भैंशाला, जिल्हा निर्मलला, आणि उच्च न्यायालय सुमारे दोनशे किलोमीटरवर हैदराबादला. एवढे अंतर तोडून ते गेले, तरी दारातच त्यांना पहिला प्रश्न विचारला जाण्याचा संभव आहे : ‘या प्रकरणाशी तुमचा संबंध काय?’

हा प्रश्न न्यायालये उगाच विचारतात असे आमचे म्हणणे नाही. त्याला इतिहास आहे आणि कारणही आहे. १९७० मध्ये तत्कालीन म्हैसूर राज्यातील एका भातगिरणीचे प्रकरण सर्वोच्च न्यायालयापुढे आले. एका गिरणीला जागा बदलण्यास परवानगी मिळाली म्हणून दुसऱ्या गिरणीच्या मालकांनी तक्रार केली होती. धंद्यात प्रतिस्पर्धी वाढला, एवढ्याने कायदेशीर हक्काला बाध येत नाही, असे न्यायालयाने सांगितले. पुढे गुजरातेतील जसभाई देसाई यांच्या खटल्यात, एका चित्रपटगृहाला दिलेल्या ना-हरकत दाखल्याला दुसऱ्या चित्रपटगृहाच्या मालकाने आव्हान दिले असता, सर्वोच्च न्यायालयाने या विषयाची सविस्तर छाननी केली. खरोखर बाधा पोहोचलेला माणूस, तिऱ्हाईत, आणि उगाच नाक खुपसणारा लुडबुड्या अशी माणसांची विभागणी त्या निकालात आहे. परवाना, परमिट, कोटा यांच्या त्या काळात प्रत्येक परवान्यामागे एक निराश प्रतिस्पर्धी उभा असे. त्या प्रत्येकाला न्यायालयाचे दार सताड उघडले असते, तर एकही सरकारी निर्णय अंतिम झाला नसता. कसोटी योग्यच होती. पण ती व्यापाऱ्यांच्या आपसातील भांडणासाठी घडविली गेली होती, हे ध्यानात ठेविले पाहिजे.

घोटाळा झाला तो येथे की, धंद्यातल्या प्रतिस्पर्ध्याला अडविण्यासाठी उभारलेला आडणा पुढे धान्य घेणाऱ्या गिऱ्हाइकालाही अडवू लागला. रद्द झालेला परवाना पुन्हा बहाल करण्याच्या आदेशाला तक्रारदार आव्हान देऊ शकत नाही, तो फार तर साक्षीदार होऊ शकतो, असे निकाल अलाहाबाद उच्च न्यायालयाने रेशन दुकानांच्या प्रकरणांत दिलेले आहेत. २०१२ मध्ये आपल्या कोकणातील उरण नगरपरिषदेच्या अध्यक्षांच्या अपात्रतेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानेही तक्रारदार हा वादाचा पक्षकार होऊ शकत नाही, असे मत व्यक्त केले. एखाद्या पदाधिकाऱ्याला पदावरून दूर करण्याच्या बाबतीत हे म्हणणे समजण्यासारखे आहे. राजकीय वैऱ्याला सूड उगविण्याचे साधन न्यायालयाने का व्हावे? परंतु तोच न्याय रेशन दुकानाला लावणे म्हणजे दवाखान्यातल्या रोग्याला ‘औषधाशी तुझा काय संबंध?’ असे विचारण्यासारखे आहे.

मुळात स्वस्त धान्याचे दुकान कोणासाठी असते? या प्रश्नाचे उत्तर सर्वोच्च न्यायालयानेच १९८१ मध्ये देऊन ठेविले आहे. मध्य प्रदेश सरकारने ही दुकाने खासगी दुकानदारांऐवजी सहकारी संस्थांकडे देण्याचे ठरविले, तेव्हा बेमेतरा तहसिलीतील धान्यविक्रेत्यांच्या संघाने त्याला आव्हान दिले. आपल्या व्यवसायाच्या मूलभूत हक्कावर गदा आली, असे त्यांचे म्हणणे. न्यायालयाने ते मानले नाही. धान्याचा व्यापार करावयाला तुम्ही मोकळे आहात, पण सरकारने आपणांसच रास्त भावाच्या दुकानाचा चालक म्हणून नेमावे असा हक्क कोणाही व्यापाऱ्याला नाही. ही योजना ग्राहकाच्या हितासाठी आहे, असा त्या निकालाचा आशय. म्हणजे तत्त्व काय ठरले? दुकानदाराला नेमणुकीचा हक्क नाही, आणि दुकान आहे ते ग्राहकासाठी. आता प्रत्यक्षात काय घडते ते पाहा. ज्याला हक्क नाही त्याचे अपील ऐकले जाते, पुनरीक्षण ऐकले जाते, आणि महाराष्ट्रात तर ते मंत्र्यापर्यंत जाते. ज्याच्यासाठी दुकान आहे, तो मात्र बाहेर पायरीवर बसून राहतो.

उत्तर प्रदेशातील दोन प्रकरणे या विसंगतीवर चांगला प्रकाश टाकतात. एका दुकानदाराचा परवाना रद्द झाला आणि त्याच्या जागी दुसरा नेमला गेला. मग पहिल्याच्या दाव्यात दुसऱ्याला ऐकले पाहिजे की नाही, हा वाद दोन्ही प्रकरणांत होता. २०१५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, आवश्यकता नाही. २०२२ मध्ये दुसऱ्या प्रकरणातील वेगळी परिस्थिती पाहून सांगितले, नियमितपणे नेमलेल्याला ऐकले पाहिजे. न्यायालयाने आपापल्या ठिकाणी दिलेली कारणे आम्ही अमान्य करीत नाही. पण दोन्ही वेळा न्यायमंदिरात जागा कोणाला द्यावयाची याची चर्चा जुना दुकानदार आणि नवा दुकानदार यांच्यापुरतीच झाली. त्या दुकानावर ज्यांची चूल अवलंबून होती, त्या शेकडो कुटुंबांसाठी एक खुर्ची मांडावी, ही कल्पनाही त्या वादात कोठे नव्हती. दोष न्यायाधीशांचा नव्हे. ज्या नियमांच्या आधारे हे वाद चालतात, ते नियमच तसे लिहिलेले आहेत.

आणि तरीही, सामान्य नागरिकाला हे दार कधी उघडलेच नाही असे नाही. उलट, या देशातील सार्वजनिक हिताच्या न्यायदानाचा एक ठळक अध्याय वाटपाच्या प्रकरणातूनच लिहिला गेला, आणि तोही महाराष्ट्रात. १९८१ मध्ये सिमेंट ही नियंत्रित वस्तू होती. घर बांधणाऱ्याला ती परमिटाशिवाय सरकारी भावाने मिळत नसे. बॅ. अ. र. अंतुले मुख्यमंत्री असताना सिमेंटचे वाटप आणि विश्वस्त निधीला मिळालेल्या देणग्या यांच्या संबंधाविषयी प. बा. सामंत, मृणाल गोरे प्रभृतींनी मुंबई उच्च न्यायालयात अर्ज केला. त्यांपैकी कोणी सिमेंटचा निराश अर्जदार म्हणून तेथे गेलेला नव्हता. जानेवारी १९८२ मध्ये न्यायमूर्ती बखतावर लेंटिन यांनी तसा संबंध असल्याचा निष्कर्ष काढला आणि मुख्यमंत्र्यांना पद सोडावे लागले. त्यातून उद्भवलेल्या फौजदारी प्रकरणाचा पुढचा प्रवास लांबलचक आणि वळणावळणाचा आहे. त्यात येथे शिरण्याचे कारण नाही. मात्र त्याच प्रकरणात १९८४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलेले एक सूत्र महत्त्वाचे आहे. गुन्ह्याची फिर्याद करण्याला तक्रारदाराचा वैयक्तिक संबंध असावा लागत नाही. कायद्याने स्पष्टपणे अन्यथा म्हटले नसेल तर कोणाही नागरिकाला फौजदारी कायद्याचे चक्र फिरविता येते, असे ते सूत्र आहे.

मृणालताईंचे नाव येथे आणखी एका कारणाने आठवते. १९७२ च्या दुष्काळाच्या वेळी मुंबईत महिलांची महागाईविरोधी संयुक्त समिती उभी राहिली. मृणाल गोरे, अहिल्या रांगणेकर यांच्या नेतृत्वाखाली हजारो स्त्रिया हातात लाटणी घेऊन रस्त्यावर आल्या. रेशनवर वेळेवर आणि खाण्याजोगे धान्य मिळावे, साखर-तेल मिळावे, हे त्यांचे मागणे. त्या बायका रस्त्यावर का आल्या? स्वैपाकघर सोडण्याची त्यांना हौस नव्हती. ज्या व्यवस्थेवर त्यांचा संसार चालत होता, त्या व्यवस्थेत त्यांना विचारणारे कोणी नव्हते आणि त्यांनी विचारावे असे दारही नव्हते. दार नसले की लाटणे उचलावे लागते. दहा वर्षांनी त्याच चळवळीतील एक नेत्री न्यायालयात उभी राहते आणि तिला ‘तुमचा संबंध काय?’ म्हणून परत पाठविले जात नाही, हा या देशाच्या कायद्यातील मोठा पालट होता. १९८१ च्या अखेरीस न्यायाधीशांच्या बदल्यांच्या प्रकरणात न्यायमूर्ती भगवती यांनी त्या पालटावर शिक्कामोर्तब केले. जो वर्ग दारिद्र्यामुळे किंवा असहायतेमुळे स्वतः न्यायालयात येऊ शकत नाही, त्याच्या वतीने प्रामाणिक हेतूने कोणीही यावे, असे त्यांनी सांगितले.

त्याच वाटेने २००१ मध्ये पीपल्स युनियन फॉर सिव्हिल लिबर्टीज ही संस्था अन्नाच्या हक्कासाठी सर्वोच्च न्यायालयात गेली. सरकारी गुदामे धान्याने भरून वाहत होती आणि राजस्थानात लोक उपाशी होते. त्या प्रकरणात २ मे २००३ रोजी न्यायालयाने जो आदेश दिला, तो आमच्या आजच्या विषयाच्या दृष्टीने मर्माचा आहे. जो दुकानदार ठरलेल्या वेळी दुकान उघडे ठेवीत नाही, ठरलेल्या दराने धान्य देत नाही, गरिबांची कार्डे स्वतःकडे ठेवून घेतो, कार्डावर खोट्या नोंदी करतो किंवा काळा बाजार करतो, त्याचा परवाना रद्द करावा, असे न्यायालयाने फर्माविले. परवाना रद्द करण्याची ही कारणे एका तिऱ्हाईत संस्थेच्या अर्जावर ठरली. मग यांतील एखादे कारण मुधोळच्या दुकानात घडले, आणि अधिकाऱ्याने त्याकडे काणाडोळा करून परवाना कायम केला, तर तेथील कार्डधारकाला तिऱ्हाईत कसे म्हणावे? सबंध देशातील दुकानांविषयी दिल्लीत बोलण्याचा अधिकार आहे, पण आपल्या गावच्या एका दुकानाविषयी भैंशात बोलण्याचा नाही, अशी ही उफराटी रीत आहे.

गोव्याच्या वाचकाला हे अधिक सहज पटेल. आमच्या खाणींचे दुसऱ्यांदा नूतनीकरण झालेले ८८ पट्टे सर्वोच्च न्यायालयाने ७ फेब्रुवारी २०१८ रोजी रद्द केले. ते प्रकरण न्यायालयात नेणारी गोवा फाउंडेशन ही संस्था खाणमालकांची प्रतिस्पर्धी नव्हती. त्या निकालाच्या परिणामांविषयी गोव्यात मतभेद झाले, आजही आहेत. खाणींवर पोट असलेल्यांचे हाल आम्हीही पाहिले आहेत. पण ‘खाणीच्या पट्ट्याशी तुमचा संबंध काय?’ असे म्हणून ते प्रकरण दारातून परत गेले नाही. डोंगर, पाणी, शेती ही साऱ्यांची आहेत हे न्यायालयाला पटले. ज्या समाजात अन्नाला पूर्णब्रह्म मानून घासाआधी हात जोडतात, तेथे धान्याच्या परवान्याला खनिजाच्या पट्ट्याइतकीही सार्वजनिकता असू नये काय?

येथे कोणी म्हणेल, हा सारा जुना वाद आहे, आता कायदा बदलला आहे. बदलला आहे खरा, आणि आमचे म्हणणे त्या बदलावरच उभे आहे. २०१३ च्या राष्ट्रीय अन्नसुरक्षा कायद्यापूर्वी रेशनचे धान्य ही सरकारची कृपा मानली जात असे. कृपेच्या वाटपाविषयी न्यायालयात भांडता येत नाही, हे ठीक. पण त्या कायद्याने प्राधान्य कुटुंबातील प्रत्येक माणसाला महिन्याला पाच किलो आणि अंत्योदय कुटुंबाला पस्तीस किलो धान्य हा कायदेशीर हक्क ठरविला. जानेवारी २०२३ पासून ते विनामूल्य झाले. तेलंगणात तर २०२५ पासून माणशी सहा किलो बारीक तांदूळ देण्यात येऊ लागला. हा हक्क हवेत मिळत नाही. तो एका विशिष्ट दुकानात, एका विशिष्ट माणसाच्या हातून मिळतो. तो माणूस नेमण्याचा निर्णय म्हणजे या हक्काची वाट आखण्याचा निर्णय होय. जसभाई देसाई यांच्या खटल्यातील कसोटीच लावावयाची तर, ज्याच्या कायद्याने दिलेल्या हक्काला प्रत्यक्ष बाध येतो तो बाधित; आणि २०१३ नंतर कार्डधारक त्या व्याख्येत नेमका बसतो. जुनी कसोटी मोडण्याची गरजच नाही. ती प्रामाणिकपणे लावली तरी पुरे.

मात्र त्या कायद्यातच एक फट राहून गेली आहे, ती दाखविली पाहिजे. ठरलेले धान्य मिळाले नाही, तर कलम १५ प्रमाणे जिल्हा तक्रार निवारण अधिकाऱ्याकडे जाता येते आणि पुढे राज्य अन्न आयोगाकडे अपील करता येते. दुकानाची कागदपत्रे जनतेला खुली असावीत, सामाजिक अंकेक्षण व्हावे, प्रत्येक दुकानासाठी दक्षता समिती असावी, हेही कायद्यात आहे. परंतु हे सारे धान्य मिळण्या-न मिळण्याविषयी. दुकानदार कोणी व्हावे, कोणी राहावे, याचा निर्णय राज्यांच्या नियंत्रण आदेशांखाली होतो आणि तेथील अपिलाची वाट प्रामुख्याने परवानाधारकासाठी आखलेली आहे. म्हणजे दर महिन्याला कमी मिळालेल्या अर्ध्या किलोविषयी कार्डधारकाने बारा वेळा तक्रार करावी. पण ते अर्धा किलो ज्याच्या हातात नाहीसे होते, तो हात कोणी तेथे ठेवला याविषयी एकदाही विचारू नये! नळाला धार येत नाही म्हणून ओरडण्याची मुभा आहे, तोटी कोणाच्या ताब्यात आहे हे विचारण्याची नाही.

वास्तविक मूळ कायद्याने या बाबतीत फार पूर्वी पाऊल उचलले आहे. १९५५ च्या जीवनावश्यक वस्तू कायद्याप्रमाणे आरंभी केवळ सरकारी नोकराच्या लेखी अहवालावरूनच न्यायालयाला गुन्ह्याची दखल घेता येत असे. १९८६ च्या दुरुस्तीने त्यात बाधित व्यक्ती आणि मान्यताप्राप्त ग्राहक संघटना यांची भर पडली. म्हणजे दुकानदाराला तुरुंगात पाठविण्याची मागणी घेऊन बाधित ग्राहक न्यायालयात जाऊ शकतो. मग त्यापेक्षा कितीतरी सौम्य असलेली, त्याचा परवाना पुन्हा बहाल करू नये, ही मागणी घेऊन त्याला अपील अधिकाऱ्यापुढे का जाता येऊ नये? मोठ्या दरवाजातून प्रवेश आहे आणि खिडकी मात्र बंद आहे, याला तर्कशास्त्र म्हणत नाहीत.

या म्हणण्यावर तीन आक्षेप येतील आणि तिन्ही विचारात घेण्यासारखे आहेत. पहिला आक्षेप असा की, कार्डधारकाच्या आडून प्रतिस्पर्धीच लढेल. ज्याला दुकान हवे आहे तो चार कार्डे पुढे करील आणि चालत्या दुकानदाराला जेरीस आणील. गावच्या राजकारणाची ज्याला माहिती आहे तो हा धोका नाकारणार नाही. शिवाय क्विंटलमागे ठरलेल्या अल्प कमिशनवर जगणारा दुकानदार हा काही नेहमीच खलनायक नसतो. कित्येक ठिकाणी तो बचतगटातील स्त्रियांचा समूह असतो आणि तक्रारीची भीती दाखवून त्यांच्याकडून पैसे उकळणारे महाभागही असतात. पण यावर उपाय दार बंद करणे हा नव्हे, दारावर पहारा ठेवणे हा आहे. त्या दुकानाला ज्याचे कार्ड जोडलेले आहे त्यालाच ही मुभा असावी, अर्जदाराने स्वतःचा किंवा नातलगाचा त्या परवान्यात हितसंबंध नाही असे शपथेवर लिहून द्यावे, आणि खोटेपणा सिद्ध झाल्यास खर्च वसूल करावा. लुडबुड्या ओळखण्याचे शास्त्र न्यायालयांना गेली पन्नास वर्षे अवगत आहे.

दुसरा आक्षेप नव्या काळाचा आहे. आता ‘एक देश, एक रेशनकार्ड’ योजना सर्व राज्यांत आहे. दुकान आवडत नसेल तर कार्डधारकाने दुसऱ्या दुकानात जावे, भांडत कशाला बसावे? योजना चांगली आहे यात शंका नाही. नांदेडकडचा मजूर मुधोळच्या दुकानात आपला हिस्सा घेऊ शकतो, हे १९५६ च्या रेषेने विभागलेल्या या मुलखात लहान काम नव्हे. परंतु शहरात गल्लीगल्लीत दुकान असते. खेड्यात एकच असते. दुसरे दुकान म्हणजे दुसरे गाव, एका दिवसाची मजुरी आणि डोक्यावरचे पंचवीस-तीस किलोंचे ओझे. ज्याचे पाय चालत नाहीत त्याला निवडीचे स्वातंत्र्य आहे असे म्हणणे ही थट्टा झाली. आणि गिऱ्हाईक निघून जाऊ शकते म्हणून त्याने तक्रारच करू नये, हा न्याय बाजारातल्या भाजीला लागू पडेल, कायद्याने दिलेल्या धान्याला नव्हे.

तिसरा आक्षेप सोयीचा. शेकडो कार्डधारकांना नोटीस कशी द्यावी, सर्वांना ऐकत बसले तर निर्णय कधी व्हावा? पण शेकडो लोकांना वेगवेगळे ऐका असे कोण म्हणतो? सर्वोच्च न्यायालयानेच १९६५ मध्ये आंध्रातील गड्डे वेंकटेश्वर राव यांच्या प्रकरणात वाट दाखविली आहे. प्राथमिक आरोग्य केंद्र कोणत्या गावी व्हावे याचा तो वाद होता. ज्या गावाने केंद्रासाठी वर्गणी जमविली होती, त्या गावच्या समितीच्या अध्यक्षांचा दाद मागण्याचा अधिकार न्यायालयाने मान्य केला. त्यांना अंतिमतः हवा तो निकाल मिळाला नाही, हे खरे. एक बेकायदा आदेश रद्द करून दुसरा बेकायदा आदेश जिवंत करण्यास न्यायालय तयार नव्हते. पण गावाच्या वतीने बोलणारा माणूस तिऱ्हाईत नव्हे, हे त्या वेळी ठरले. आरोग्य केंद्राविषयी गाव बोलू शकते, तर धान्याच्या दुकानाविषयीही बोलू शकते. त्यासाठी ग्रामसभा आहे, दक्षता समिती आहे.

म्हणून आमची सूचना साधी आहे. तेलंगण, महाराष्ट्र, गोवा या सर्वच राज्यांनी आपापल्या सार्वजनिक वितरणाच्या नियंत्रण आदेशांत ‘बाधित व्यक्ती’ या शब्दांची व्याख्या करावी आणि तीत त्या दुकानाला जोडलेला कार्डधारक, ग्रामसभा व दुकानाची दक्षता समिती यांचा स्पष्ट उल्लेख करावा. परवाना देणे, रद्द करणे आणि विशेषतः परत बहाल करणे, या तिन्ही प्रसंगी दुकानाच्या दारावर सूचना लावावी व ती ग्रामसभेत वाचून दाखवावी. निर्णय कारणांसह लिहावा, त्याची प्रत मागेल त्या कार्डधारकाला द्यावी आणि तीस दिवसांच्या आत त्याला अपील करता यावे. हे करावयाला संसदेत नवा कायदा संमत करावा लागत नाही. राज्याच्या पुरवठा खात्याने मनावर घेतले तर एका अधिसूचनेचे काम आहे.

आणि ही सूचना लोकांच्या भाषेत असावी. राज्यघटनेच्या ३५० व्या अनुच्छेदाने प्रत्येक नागरिकाला आपले गाऱ्हाणे संघराज्यात किंवा त्या राज्यात वापरात असलेल्या कोणत्याही भाषेत मांडण्याचा हक्क दिला आहे. मुधोळचा माणूस मराठीत अर्ज करू शकतो. पण अर्ज मराठीत आणि उत्तर न समजणाऱ्या भाषेत, हा संवाद नव्हे. तेलुगू ही तेथील राज्यभाषा आहे आणि तिचा मान राखलाच पाहिजे. त्याबद्दल आमची तक्रार नाही. सीमेवरच्या कानडी, तेलुगू किंवा गुजराती भाषक गावांना आपले महाराष्ट्र सरकार किती जागते, हेही आपण स्वतःला विचारले पाहिजे. एका पानाची सूचना दोन भाषांत लावणे कोणत्याही सरकारला जड जाऊ नये.

न्यायालयांकडून आमची अपेक्षा याहून लहान आहे. रेशनचे दुकान हे चित्रपटगृह नव्हे आणि भातगिरणीही नव्हे, एवढे त्यांनी ध्यानात घ्यावे. चित्रपटगृहाच्या परवान्यात प्रेक्षकाला करमणुकीची निवड असते. धान्याच्या परवान्यात कार्डधारकाचा कायदेशीर घास असतो. एखादा अर्जदार दारात उभा राहिला की तो कोणाचा हस्तक आहे हे अवश्य तपासावे. पण त्याच्या हातात त्या दुकानाला जोडलेले शिधापत्रक असेल, तर त्याचा संबंध काय हा प्रश्न त्या कागदानेच सोडविलेला आहे, असे मानून पुढे जावे.

बासरला पाटीवर पहिले अक्षर गिरविणारे मूल पुढे वाचावयास शिकेल, कदाचित तीन भाषा शिकेल. मोठेपणी त्याने आपल्या गावच्या दुकानावर लावलेला सरकारी आदेश वाचावा आणि तो चुकीचा वाटल्यास त्याविरुद्ध अर्ज लिहावा, यासाठीच तर शिक्षण आहे. तो अर्ज न वाचता ‘तू कोण?’ असे त्याला विचारले जाऊ नये. त्याचे उत्तर त्याच्या घरच्या शिधापत्रिकेवर सरकारनेच आपल्या शिक्क्यानिशी लिहून दिलेले आहे.